बंडोपंतांची अंडी

४ मार्च

बारके,

बंडोपंतांनी अंडं घातलं.

फोन केला असता, पण फोनवर आपण दोघी तिसऱ्या वाक्याला भांडतो आणि ही बातमी तीन वाक्यांत मावत नाही. पत्राचं एक बरं असतं, समोरचं माणूस मध्येच बोलत नाही.

तर काल सकाळी मी आईच्या खोलीत चहा घेऊन गेले, आणि आई कोपऱ्यात गुडघे टेकून बसलेली. पार्लरमधला तो ड्रायर तुला आठवत असेल, बायका ज्याच्या टोपाखाली डोकं घालून मासिकं चाळत बसायच्या. पार्लर बंद केलं तेव्हा आईनं खुर्च्या दिल्या, आरसे दिले, पण तो टोप काही कोणाला दिला नाही. दांड्यावरून काढून घरी आणला. तो तिच्या खोलीत स्टुलावर आडवा पडलेला असतो आणि आत तिनं स्वतःच्या हातानं घडी घालून जुना टॉवेल अंथरलाय. बंडोपंत दुपारचे तिथे वामकुक्षीला जातात, आम्हीही कौतुकानं जाऊ देतो. काल त्याच टोपात ते अंग फुगवून बसले होते आणि पोटाखाली अंगठ्याच्या पेराएवढं पांढरंशुभ्र अंडं.

तुझ्या त्या पक्षीवाल्यानं छातीवर हात ठेवून सांगितलं होतं ना, कॉकटील आहे, तुऱ्याचा छोटा पोपट, नर आहे, शिट्ट्या मारून घर डोक्यावर घेईल म्हणून? आईचं विसरणं सुरू झालं तेव्हा तू तो पिंजरा घेऊन आलीस, म्हणालीस, तिचं मन रमेल. पुढे आपलं जे झालं ते झालं. तू गेलीस, पाखरू राहिलं. इतक्या दिवसांत त्यानं एक शिट्टी मारली नाही, आणि आम्ही समजत होतो, स्वभावच भिडस्त आहे.

आईला कसलंही नवल वाटलं नाही. म्हणाली, "किती गुणाचा मुलगा आहे बघ."

अंडं मी लगेच उचलून कचऱ्यात टाकलं. आई हल्ली दिसेल ती वस्तू तोंडात घालते. म्हणजे नेहमी नाही, अधूनमधून. परवा कोटाचं बटण होतं, मी वेळेवर काढलं. बाकी आई छान आहे. जेवते, झोपते. मीही छान आहे. चष्म्याच्या दुकानात नेहमीसारखं काम आहे, लोकांच्या काचा घासता घासता एक दिवस माझेच डोळे जातील.

पाखरू तुझं, म्हणून कळवलं. दुसरं काही कारण नाही.

ताई

१९ मार्च

बारके,

तुझं उत्तर मिळालं. उत्तर कसलं, एक ओळ. "पुन्हापुन्हा घालायला लागलं तर पक्ष्यांच्या डॉक्टरला दाखव." तिथे बसून उंटावरून शेळ्या हाकायला काय जातं? अंडं घालणं हा आजार आहे का? कोंबड्या जन्मभर घालतात, त्यांना कोणी दवाखान्यात नेत नाही.

पण हो, पुन्हापुन्हा घालतेय. आता 'घालतेय'च म्हणायला हवं. आई मात्र अजून "बंडोपंत आले, बंडोपंत जेवले" असंच म्हणते, आणि खरं सांगायचं तर माझीही जीभ वळत नाही. एक दिवसाआड नवीन अंडं. मी सकाळी उठले की आधी टोपात हात घालते, असेल ते उचलते आणि टाकते. की लागलीच दुसरं हजर. बाई हट्टाला पेटलीय. मीही पेटलेय. बघू कोण आधी दमतं.

तिचे हाल चाललेत असं मनात आणू नकोस. उलट बाळंतिणीची बडदास्त आहे. कुस्करलेला बटाटा, भिजवलेला पाव, मक्याचे कोवळे दाणे, वर आई स्वतःच्या ताटातलं भरवते ते वेगळंच. एवढी अंडी घालायची म्हणजे अंगात बळ नको?

आणि आईचा हात. तो तुला सांगायलाच हवा. बंडोपंत मांडीवर बसतात आणि आई तुऱ्यापासून शेपटीपर्यंत हात फिरवत राहते, सबंध दिवस. तुला आठवतं, नवीन गिऱ्हाईक खुर्चीत बसलं की आई आधी कात्री घ्यायची नाही? नुसता डोक्यावरून हात फिरवायची, केस कुठे पडतात ते बघायला. अगदी तोच हात. तेवढा वेळ तिचा चेहरा पूर्वीचा असतो. हात रिकामा झाला की बाहीची शिवण उसवत बसते, मग उठते, मग दाराशी जाते, "गिऱ्हाईक खोळंबलंय, मला जाऊ दे" सुरू होतं. म्हणून मी बंडोपंतांना मांडीवरून उठूच देत नाही. तेवढ्यात माझा स्वयंपाक होतो, कपडे होतात, कधीकधी नुसतं खिडकीशी उभं राहून होतं.

तिच्या खोलीतला दिवा आता कायम चालू ठेवावा लागतो. अंधार झाला की तिला स्वतःच्याच भिंती ओळखू येत नाहीत. पिंजराही त्याच खोलीत, त्यामुळे बंडोपंतांच्याही घरी रात्र होत नाही.

दुकानात मी सध्या अर्धाच दिवस जाते. माझीच इच्छा होती. खालच्या मजल्यावरच्या मास्तरीणबाई तेवढा वेळ आईजवळ बसतात. शाळा सुटल्यापासून, म्हणजे निवृत्त झाल्यापासून, त्यांना कोणावर तरी ओरडायला हवंच असतं. बाकी सगळं छान.

ताई

२ एप्रिल

बारके,

या वेळी पत्र चांगलं चार पानी आलं. त्यात अंड्यांवर एक ओळ आणि बाकी सगळं "आई कशी आहे, खरं सांग". खरंच तर सांगतेय. आई छान आहे. तू ज्या केंद्रात तिला ठेवू या म्हणत होतीस, जिथे सगळ्या म्हाताऱ्यांना एकाच रंगाचे गाऊन घालतात, तिथली कोणी तिच्या तोंडातलं बटण काढायला धावली नसती एवढं नक्की. मी तेव्हाच सांगितलं होतं, आईला मी बघेन, तू तुझं बघ. तू तुझं बघितलंस, मी आईला बघतेय. यात आता उकरून काढण्यासारखं काय राहिलंय?

अंड्यांचं म्हणशील तर मध्ये खंड पडला होता. मला वाटलं, चला, सुंठीवाचून खोकला गेला. परवा पुन्हा सुरू. पण या वेळी टोपात हात घातला तर कवच लागलंच नाही. ओल्या कागदाच्या पुडीसारखं काहीतरी मऊ, उचलताना बोटांतच फुटलं. मी हात धुतले आणि कामाला लागले. मास्तरीणबाई म्हणाल्या, "अहो, शेवटचं असेल ते. माल संपला." आम्ही दोघी हसलो.

आज बंडोपंत टोपातून खाली उतरले नाहीत. आईनं मांडी थोपटून हाका मारल्या तरी नाही. थकले असतील. कोण थकत नाही? काल मी दुकानात एका माणसाची उजवी काच डाव्या डोळ्याला बसवली. तो आरशात बघून म्हणाला, "मला दोन दारं दिसतायत, कुठल्यातून बाहेर जाऊ?" मालक काही बोलले नाहीत. पूर्वी बोलायचे, तेच बरं होतं.

ताई

६ एप्रिल

बारके,

काल काय झालं ते आधी सांगते, मग तुला काय म्हणायचं ते म्हण.

सकाळी बंडोपंत पिंजऱ्याच्या तळाला बसलेले दिसले. दांडीवर नाही, टोपात नाही, तळाला, कोपऱ्यात. अंग फुगवलेलं, डोळे अर्धे मिटलेले, पाय फाकलेले. श्वास घेतला की शेपूट वर, सोडला की खाली, हातपंपासारखी. मधूनच सगळा जीव गोळा करून जोर लावायची आणि बाहेर काही यायचं नाही. आई गजांतून बोट घालून म्हणत होती, "उठा बंडोपंत, दिवस केवढा वर आला."

मी म्हटलं, अंडंच असणार, येईल. मास्तरीणबाई म्हणाल्या, निसर्ग आपलं आपण बघून घेतो. असं म्हणत म्हणत दुपार झाली. दुपारी ती एका अंगावर कलंडली, तेव्हा मात्र मी उठले. दुकानात काचा येतात त्यातलं एक खोकं घरी होतं. त्यात टॉवेलमध्ये गुंडाळून गरम पाण्याची बाटली ठेवली, शेजारी तिला ठेवलं. मास्तरीणबाई तोवर मुलाकडे निघून गेलेल्या आणि आईला एकटं सोडता येईना. मग काय, एका काखेत खोकं, दुसऱ्या हातात आई, अशी आमची वरात रस्त्यानं निघाली.

दवाखान्यात बाकावर एक लांब केसांची बाई कुत्रं घेऊन बसली होती. मी खिडकीशी नाव सांगत होते तेवढ्यात आईनं मागून त्या बाईचे केस हातात घेतले. "टोकं फुटलीत," म्हणाली, "दोन बोटं काढावी लागतील." बाई दचकली, कुत्रं भुंकलं, मी पळत जाऊन माफी मागितली. बाई मोठ्या मनाची. म्हणाली, "असू दे हो. खरंच फुटलीत."

डॉक्टर वयानं तुझ्याएवढी असेल, पण बोलायला पूर्वीच्या आपल्या आईसारखी. बंडोपंतांचं पोट बोटानं चाचपलं आणि म्हणाली, "अंडं अडकलंय. कधीपासून अशी आहे?"

"सकाळपासून."

"मग सकाळीच का नाही आणलंत? पक्षी तळाला बसला, फुगला, शेपूट श्वासाबरोबर हलायला लागली, जोर लावतोय आणि काही येत नाही, तर वाट बघायची नसते. माणसं वाट बघतात आणि पक्षी मरतात."

मी शाळेतल्या पोरीसारखी उभी होते. तिनं चुन्याची, म्हणजे कॅल्शियमची, सुई टोचली आणि बंडोपंतांना उबेच्या पेटीत ठेवलं. आम्ही बाकावर बसून राहिलो. आईनं दोनदा विचारलं की आपली गाडी किती वाजता आहे. मी दोन्ही वेळा म्हटलं, येईल आता. दिवेलागणीला आतून निरोप आला, अंडं बाहेर पडलं. बघितलं मी ते. खरखरीत, वेडंवाकडं, एवढुसं. त्यासाठी जीव जात होता.

मग डॉक्टरनं मला समोर बसवून चौकशी सुरू केली. अंडी कुठे घालते? टोपात. आत काय आहे? टॉवेल. कोणी घातला? आईनं, मायेनं. घातलेल्या अंड्यांचं काय करता? रोज उचलून टाकते. इथे तिनं डोळे मिटून घेतले. म्हणाली, "तिला घरटं भरायचंय. तुम्ही रिकामं करताय. म्हणून ती पुन्हा भरतेय." खायला काय? सांगितलं. "म्हणजे सुगी." दिवा? कायम चालू. "म्हणजे सुगी संपतच नाही." मग तिनं विचारलं, हात कुठे फिरवता. मी म्हटलं, मी नाही, आई फिरवते. तुऱ्यापासून शेपटीपर्यंत.

डॉक्टरनं काचेतून बाहेर बसलेल्या आईकडे बघितलं. आवाज थोडा खाली आणून म्हणाली, "पाठीवर हात फिरला की पक्षिणीला वाटतं, हा आपला जोडीदार. तुमच्या आई तिच्या लेखी तिचा नवरा आहेत. नर नसला तरी अंडी होतात, त्यातून पिल्लू निघत नाही एवढंच. पण कवचाला लागणारा चुना तिच्या हाडांतून जातो. तो संपला की मऊ अंडं येतं, त्यानंतर अडकलेलं. मऊ आलं त्या दिवशी यायला हवं होतं. खरं तर थांबेनात तेव्हाच."

मला हसू आलं, बारके. आई आणि नवरा. मी हसले ते थांबेचना, आणि पुढे ते हसणं राहिलं नाही. डॉक्टरनं पाण्याचा पेला पुढे केला आणि उगाच कागद चाळत बसली. आम्ही त्या पाखराला जे जे मायेनं दिलं ना, ऊब, खाऊ, उजेड, हात, त्या एकेकानं त्याला मरणाच्या दारात नेऊन ठेवलं. अति तिथे माती म्हणतात, ती अशी.

तू पहिल्याच पत्रात लिहिलं होतंस, डॉक्टरला दाखव. लिहिलं होतंस. आता पुन्हा लिहू नकोस.

ताई

१३ एप्रिल

बारके,

बंडोपंत घरी आलेत आणि डॉक्टरच्या आज्ञाही आल्यात. टोप माळ्यावर गेला. पिंजरा स्वयंपाकघरात हलवला, उजेड कमी झाला की त्यावर जाड कापड टाकते, म्हणजे तिला एकदाची रात्र मिळेल. बटाटा-पाव बंद, दाणे बेताचे, पालेभाजी, पाण्यातून चुन्याचं औषध. प्लास्टिकची अंडी दिलीत, ती पिंजऱ्यात ठेवायची आणि अजिबात हलवायची नाहीत. घर भरलंय असं वाटून ती त्यांच्यावर बसेल आणि बसून बसून स्वतःच कंटाळेल. अंडी थांबवायची एक सुईही दिलीय, पण डॉक्टर म्हणाली, "सुईचा जोर काही दिवस. घरातल्या सवयी बदलल्या नाहीत तर पुन्हा पहिले पाढे पंचावन्न." आणि मुख्य आज्ञा, पाठीवर हात नाही. डोक्यावर चालेल, एका बोटानं, मानेपर्यंत. "अंड्यांचा आणखी एक फेरा झाला तर ही वाचेल असं मी सांगणार नाही."

एक बोट, मानेपर्यंत. आता हे आईला समजावून दाखव.

मी समजावलं. "हो, हो, कळलं," म्हणाली आणि सबंध पंजा ठेवला. पंजा ठेवताक्षणी बंडोपंत वाकले, शेपूट उंच केली आणि बारीक आवाजात चिवचिवायला लागले. मी उचलून घेऊन गेले. दुसऱ्या दिवसापासून पिंजरा तिच्या नजरेलाच पडू दिला नाही. आईनं कपाटं उघडली, गादी उलटी केली, मला चोर म्हणाली. माझ्या दंडावर ओरखडे आहेत, मालकांना सांगितलं मांजराचे. तिच्या हातात मी लोकरीचा गुंडा दिला, फरची टोपी दिली, चष्मा पुसायच्या मऊ फडक्यांचा गठ्ठा दिला. प्रत्येकावरून तिनं हात फिरवला आणि फेकून दिलं. "हे मेलंय," म्हणाली. खरंच होतं तिचं.

परवा मी आंघोळीला गेले आणि आई वरची कडीही काढून बाहेर पडली. बाहेरच्या दाराला वर एक जास्तीची कडी बसवून घेतलीय मी, ते तुला सांगायचं राहिलं होतं. नाक्यावरच्या रंगाच्या दुकानात सापडली, अनवाणी. दुकानदाराला विचारत होती, माझी खुर्ची कोणी हलवली? तिचं पार्लर त्याच जागेत होतं ना. तो बिचारा तिला रंगाच्या डब्यावर बसवून पाणी देत होता. मी ओल्या केसांचा तसाच गच्च अंबाडा बांधून धावले होते, एक चप्पल तिची, एक माझी.

घरी आणल्यावर मी काय केलं, सांगू? बंडोपंतांना उचललं आणि तिच्या मांडीवर ठेवलं. कळत होतं, तरी ठेवलं. मला बसायचं होतं. मी खुर्चीत बसून तिचा हात तुऱ्यापासून शेपटीपर्यंत फिरताना बघत राहिले आणि घर शांत झालं. मग बंडोपंत वाकले, शेपूट उचलली, आणि मी उठून तिच्या हातातून पाखरू काढून घेतलं. आई रडली. ओरडली असती तर बरं झालं असतं. नुसती रडली.

पाखरू द्यावं तर पाखराचा जीव जातो, न द्यावं तर आईचा दिवस जात नाही. मास्तरीणबाई म्हणतात, एवढं काय, देऊन टाक कोणाला तरी. बोलायला सोपं आहे. तू गेल्यावर या घरात तुझं म्हणून तेवढंच उरलंय, ते मी कोणाला देऊ?

केंद्राचं तू या वेळी लिहिलं नाहीस. मी वाट बघत होते. लिहिलं असतंस तर निदान भांडता आलं असतं.

दमलेय गं. हे वाचून फोन करू नकोस.

ताई

२२ एप्रिल

बारके,

आईची चप्पल पलंगाखाली गेली होती. ती काढायला मी खाली बसले, हात घालून काढली, आणि मग उठवेना. तिथेच पलंगाला पाठ टेकून डोळे मिटले. आई वर पलंगाच्या कडेला बसून बाहीची शिवण उसवत होती. त्या रंगाच्या दुकानाच्या दिवशी बांधलेला अंबाडा मी सोडलाही नव्हता, वरच्यावर पिना खोचून दुकानात जात होते.

डोक्यावर हात आला. मला वाटलं, आता ओढणार. पण हात नुसता फिरला. कपाळापासून मानेपर्यंत, थांबत थांबत, केस कुठे पडतात ते बघत.

"कधीपासून विंचरले नाहीत?" आई म्हणाली.

"वेळच होत नाही."

"सगळ्या असंच म्हणतात."

तिनं पिना काढायला सुरुवात केली आणि एकेक करून ओठांत धरायला लागली, कामावर धरायची तशा. बटणं गिळणारी बाई, पिनांचं काय करेल? पण मी मान वळवून बघितलं तर पिना ओठांत सरळ ओळीत, जिथल्या तिथे. तिनं माझी मान दोन बोटांनी पुन्हा सरळ केली. "हलू नका."

मग कंगवा मागितला. मी हात लांब करून टेबलावरचा दिला. गुंता किती होता, तुला काय सांगू. तिनं टोकाकडून सोडवायला घेतला, वरून नाही, मुळाशी केस मुठीत धरून, म्हणजे दुखू नये. मला लहानपणी कधी दुखलं नाही ते म्हणून. हे मी विसरले होते, तिचा हात विसरला नव्हता.

"ताई," ती म्हणाली, "घरी तुमचं कोणी करत नाही का?"

"आई आहे," मी म्हटलं. "पण तिला बरं नसतं."

"मग तुमच्याकडे कोण बघतं?"

मी पलंगाखालून काढलेली चप्पल मांडीवर घेऊन तिचा पट्टा सरळ करत राहिले.

"बसा निवांत. घाई नाही ना?"

"नाही."

खूप वेळ ती विंचरत राहिली. स्वयंपाकघरात बंडोपंत प्लास्टिकच्या अंड्यांवर बसून होते, तिनं त्यांचं नावही काढलं नाही. पार्लरमध्ये बोलायची तसं बोलत होती, कंगव्याच्या लयीत. "मला दोन मुली. मोठी माझ्यावर गेलीय, मोडेल पण वाकायची नाही. धाकटीचे केस बघाल तर पाण्यासारखे, हातात ठरत नाहीत. एकदा माझ्यावर रुसली आणि भलतीकडे जाऊन कापून आली. मी आठवडाभर तिच्याशी बोलले नाही."

मी विचारलं, "आता येते का धाकटी?"

आईनं भांग पाडला. एकदा पुसला, पुन्हा पाडला. "मोठीनं बोलावल्याशिवाय नाही यायची. तिलाही मान आहे."

बारके, समोर बसलेली मी कोण हे तिला कळलं नव्हतं, आणि हे बरोबर ठाऊक होतं.

वेणी घालून झाल्यावर तिनं माझ्या मानेमागे हात धरला, तळवा उघडा, आरसा धरायची तसा. "बघा मागून. चालेल?"

मी मान वळवून तिच्या रिकाम्या तळहातात बघितलं आणि म्हटलं, "छान झालंय."

ताई

५ मे

बारके,

बंडोपंत अंड्यांवरून उठले. कंटाळले एकदाचे. आता येताजाता त्या प्लास्टिकच्या अंड्यांना पायानं ढकलतात, वर्तमानपत्राच्या कडा कुरतडतात आणि खिडकीजवळच्या दांडीवर बसून खालच्या रहदारीवर नजर ठेवतात. काल दाखवून आणलं. डॉक्टर म्हणाली, अंग भरतंय, पण गाफील राहू नका. टोपबिप काही दिसू द्यायचं नाही, आणि पुन्हा अंडं दिसलं तर ते जागेवर ठेवून आधी मला कळवायचं. पुन्हा तळाला बसली तर त्याच पावली आणायचं. मी म्हटलं, त्याच पावली. आता तो धडा आमचा पाठ झालाय.

आई स्वयंपाकघरात आली की पिंजऱ्याकडे बघते. काल म्हणाली, "जरा थांबा हं. आधी या ताईंचं होऊ दे."

ताई म्हणजे मी. सकाळी वेणी, दुपारी अंबाडा, संध्याकाळी पुन्हा सगळं सोडून पहिल्यापासून. कात्री मी लपवून ठेवलीय, तेवढी अक्कल आहे. ओरडणं नाही, दाराशी जाणं नाही, शिवण उसवणं नाही. दंडावरचे ओरखडे भरून आले. पण माझी टाळू हुळहुळी झालीय, आणि तिची लय मोडू नये म्हणून मी उठत नाही, तर दुकानात रोज उशीर. मास्तरीणबाईंनी एकदा आपलं डोकं दिलं. आईनं हात फिरवला आणि हळूच मला म्हणाली, "यांच्याकडे काम फार नाही." बाई अजून रुसून आहेत.

तर सांगायचं ते हे, की माझं एकटीचं डोकं पुरत नाही.

ये. मी बोलावतेय. चार दिवस ये, जास्त ये, कसं जमेल तसं ये. केंद्राचं बोलायचं असेल तर तेही बोलू, तिसऱ्या वाक्याच्या पुढेही मी ऐकून घेईन. आई छान आहे असं मी प्रत्येक पत्रात लिहीत आले. ती छान नाही. मीही नाही. बंडोपंत तेवढे बरे आहेत.

आई तुला ओळखणार नाही. वाईट वाटून घेऊ नकोस, लगेच डोळे पुसायला बाहेर पळू नकोस. तिच्यापुढे खाली बस आणि मान सरळ ठेव. ती विचारेल घरी कोण कोण असतं. जे मनात येईल ते सांग, गिऱ्हाइकाच्या गोष्टी ती मनापासून ऐकते.

आणि एवढं ऐक, येताना केस कापून येऊ नकोस.

ताई